रहाट गप्प झाला तो रविवार

मी लग्न होऊन नागावला आले तेव्हा आमच्या मामंजींच्या डोक्यावर एकही केस नव्हता. कानांच्या वर पांढरी झालर तेवढी होती, तीही न्हावी आला की जायची. अशा माणसाने वर्षभरात केसांच्या तेलाच्या बारा बाटल्या विकत आणल्या. प्रत्येक बाटली आली की सासूबाई ती उजेडात धरून बघायच्या आणि मला म्हणायच्या, "लावायचं कुठे, तेवढं विचार गं तुझ्या मामंजींना." मी कशाला विचारते! मला कारण ठाऊक होतं. त्या बाटल्यांची लेबलं सोडवून पत्रांना चिकटवायचं काम माझ्याकडेच होतं.

स्वातंत्र्य मिळून दहाएक वर्षं झाली असतील. माझे यजमान मुंबईला एका कचेरीत नोकरीला होते आणि महिन्याकाठी एकदा बोटीने घरी यायचे. एका खेपेला येताना त्यांनी बॅटरीवर चालणारा रेडिओ आणला. मांडव्याहून बैलगाडीत तो मांडीवर घेऊन आले. एवढ्या मायेने त्यांनी पुढे आमच्या पोरांनाही कधी मांडीवर घेतलं नाही. नारळ पाडायला येणाऱ्या गड्याने दोन माडांच्या मध्ये उंच तार बांधून दिली आणि आमच्या आळीतला पहिला रेडिओ आमच्या ओट्यावर बोलायला लागला.

आपल्या सरकारी स्टेशनवर तेव्हा जाहिरात औषधालाही नसे. जाहिरातींचे कार्यक्रम ऐकायचे तर खुंटी फिरवत फिरवत दूरच्या, परमुलखातल्या स्टेशनला जावं लागे. तिथे रविवारी सकाळी नऊ वाजता अर्धा तास मराठीतून एक कार्यक्रम लागायचा. एका केशतेलाच्या कंपनीचा. आधी तेलाचं गाणं, मग खेळांच्या गप्पा, मग एक भावगीत, मग परत गप्पा, परत गाणं, आणि शेवटी पुन्हा एकदा तेल. गप्पा मारणारे गृहस्थ स्वतः जुने खेळाडू असावेत. आवाज भारदस्त, पण बोलणं अगदी शेजारी बसून सुपारी कातरत बोलावं तसं. त्यांचं नाव सुरुवातीलाच सांगत, पण नेमकी तेव्हाच खरखर असायची. आम्ही त्यांना तेलवाले म्हणायचो.

तेलवाले बहुतेक वेळा क्रिकेटबद्दलच बोलायचे. मला त्यातलं ओ की ठो कळत नसे. मी पेणची, आमच्याकडे मिठागरं आणि गणपतीचे कारखाने. खेळ म्हणजे पोरांनी उन्हात करायचा दंगा, एवढीच माझी समजूत. मी गाण्यांसाठी बसायचे आणि गप्पा चालू असताना तांदूळ निवडून घ्यायचे. मामंजी मात्र गप्पांसाठी बसायचे आणि गाणं लागलं की वाडीत एक चक्कर मारून यायचे. असं आमचं छान जमलं होतं.

एका रविवारी तेलवाले क्रिकेट सोडून हुतूतूवर घसरले. दम म्हणजे काय, तो कसा टिकवायचा, पूर्वी गावोगावी नियम कसे वेगळे असत, असं बरंच काही. शेवटी म्हणाले, "श्रोतेहो, खेळाच्या नियमाबद्दल तुमच्या मनात शंका असेल तर लिहून पाठवा. सोबत बाटलीवरचं लेबल पाठवायला विसरू नका. लेबल नसलेलं पत्र आम्हाला उघडता येत नाही." मामंजी ताठ बसले. गाणं सुरू झालं तरी उठले नाहीत. मग म्हणाले, "सूनबाई, तुझं अक्षर चांगलं आहे ना? कागद घे."

आता ते भांडण सांगते.

मामंजी विशी-बाविशीत हुतूतूचे नावाजलेले खेळाडू होते. वाडीतली पोरं आणि कोळीवाड्यातली पोरं मिळून एकच संघ होता आणि त्याचा कप्तान होता मामंजींचा जिवलग दोस्त. तो पुढे मोठ्या होडीचा तांडेल, म्हणजे होडीचाही कप्तान झाला, म्हणून सगळा गाव त्याला तांडेलच म्हणायचा. मी तांडेलकाका म्हणत असे. अलिबागच्या किनाऱ्यावर, ओहोटीच्या ओल्या वाळूत, टाचेने रेघ ओढून शेवटचा सामना चालला होता. भरती यायच्या आत निकाल लागायला हवा होता. शेवटची चढाई मामंजींची. समोरच्यांनी त्यांना धरलं. मामंजींनी अंग ताणून, वाळूत तोंड घासत, एक हात मधल्या रेघेला लावला. हात लागला आणि दम तुटला. अंग सगळं पलीकडेच होतं.

पंच गोंधळले. रेघेच्या सगळ्यात जवळ उभा होता तांडेल, म्हणून त्यांनी त्यालाच विचारलं. कप्तानाचा शब्द मानायची तेव्हा रीत होती. तांडेलने सांगितलं, "हात लागला. पण आंग न्हाय आलं. बाद."

स्वतःच्या कप्तानाने स्वतःच्या खेळाडूला बाद दिलं आणि संघ हरला. मामंजींचं म्हणणं, हात रेघेला लागला की माणूस सुटला, मग अंग कुठेही असेना. तांडेलकाकांचं म्हणणं, अंग आल्याशिवाय सुटका नाही. त्या संध्याकाळी दोघे वेगवेगळ्या वाटांनी घरी आले आणि मग तीस वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत.

बोलले नाहीत म्हणजे अगदी कडकडीत अबोला, पण त्याची तऱ्हा निराळी. तांडेलकाकांची बायको रोज आमच्या दारात मासळीची पाटी उतरवायची. पहिली बोंबील-कोलंबी आमच्या घरात जायची. आमच्याकडचे नारळ त्यांच्या घरी जायचे. लग्नकार्यात दोन्ही घरची माणसं हजर. फक्त हे दोघे समोरासमोर आले की मधल्या माणसाशी बोलायचे. मधे माणूस नसला तर कुत्र्याशी बोलायचे. मला नवी नवरी असताना हे कोणी सांगितलं नव्हतं. दारात उभे राहून मला "सूनबाय, सांग तुझ्या सासऱ्याला, उंद्या वारा हाय, नारळ पाडू नको म्हणावा," असं कोणी सांगतंय आणि सासरे दोन हातांच्या अंतरावर उभे आहेत, हे बघून मला वाटलं होतं की मामंजींना ऐकू येत नाही. मी दोन दिवस त्यांच्याशी ओरडून बोलले.

तर पहिलं पत्र मामंजींनी सांगितलं आणि मी लिहिलं. दुसऱ्या दिवशी मासळीच्या पाटीबरोबर ही बातमी कोळीवाड्यात गेली. पुढच्या रविवारी नऊ वाजता तांडेलकाका आमच्या गडग्यावर, म्हणजे कुंपणाच्या दगडी बांधावर, येऊन बसले. रस्त्याकडे तोंड, कान आमच्या ओट्याकडे. तेलवाल्यांनी पत्र काही वाचलं नाही. तांडेलकाका उठले आणि गडग्याला सांगितल्यासारखं मोठ्याने म्हणाले, "एकट्याची बाजू लिवल्यावर कोन वाचल?"

मामंजींना ते झोंबलं. दुसरं पत्र लिहिताना त्यांनी मला दारापर्यंत पाठवलं. "विचार त्यांना, काय चुकलं म्हणावं." मी गडग्यापाशी गेले. तांडेलकाका म्हणाले, "तीन जनांनी धरला म्हनं. चार व्हते. इचार त्याला." मी परत आले. मामंजी म्हणाले, "तीन. चौथा नुसता पायात आला होता." मी परत गेले. तांदूळ तसेच राहिले. त्या उन्हात माझ्या दहा खेपा झाल्या असतील, शेवटी मी वैतागून म्हटलं, "काका, निदान आंब्याखाली तरी येऊन बसा. माझे पाय काही तुमच्यासारखे खेळाडूचे नाहीत." ते आले. तिसऱ्या पत्राच्या वेळी आंब्याखालून पायरीवर आले, कारण झाडाखाली गाणं नीट ऐकू येत नव्हतं. पाचव्या-सहाव्या पत्राला ओट्याच्या कडेला टेकले. ओट्याच्या एका टोकाला ते, दुसऱ्या टोकाला मामंजी, मधे रेडिओ आणि मी. बोलणं अजून माझ्याचमार्फत.

पत्रामागून पत्र जात होतं आणि प्रत्येक पत्रामागे एक बाटली घरात येत होती. तेलाला चमेलीचा इतका उग्र वास होता की सासूबाईंनी एकदा लावून डोकं धरलं आणि बाकीच्या बाटल्या फडताळाच्या तळाशी ढकलल्या. मी मात्र हळूहळू त्या निकालात गुंतत गेले. दोन म्हातारी माणसं, दोघांचीही पन्नाशी उलटलेली, आणि दर रविवारी ती शाळेच्या निकालाला बसावं तशी रेडिओपुढे बसायची. मला वाटायचं, एकदाचं कोणीतरी सांगून टाकावं. कोणाच्याही बाजूने लागू दे, पण लागू दे. निकाल लागला की ही दोघं बोलायला लागतील, असं मला अगदी खरंच वाटत होतं. वय लहान होतं माझं.

अडचण एकच होती, आमचा रहाट.

आमच्याकडच्या वाड्यांमध्ये माड-पोफळींना पाणी रहाटाने द्यायचं. मागच्या अंगणात विहीर, विहिरीवर लाकडी रहाट, त्याला मातीच्या गाडग्यांची माळ. डोळ्यांना झापडं बांधलेला बैल गोल फिरतो, गाडगी भरून वर येतात आणि पाटात रिकामी होतात. बैलामागे कोणी उभं नसतं. घरातली माणसं आपापल्या कामात असतात आणि बैल चालतोय की उभा राहिलाय हे कळतं ते फक्त आवाजावरून. रहाट कुरकुरतोय म्हणजे पाणी चाललंय. कुरकुर थांबली म्हणजे बैल थांबला, नाहीतर माळ तुटली, नाहीतर त्याहून वाईट काही. आमच्या शेजारच्या वाडीत एकदा बैल विहिरीत गेला होता. म्हणून रहाटाच्या कण्याला, म्हणजे आसाला, कोणी कधी तेल घालत नसे. जितकी कुरकुर जास्त तितका जीव निर्धास्त. मामंजी दुपारी त्या आवाजात घोरत पडायचे आणि आवाज थांबला की ताडकन उठून बसायचे.

बाहेरून आलेल्या माणसाला तो आवाज म्हणजे शिक्षा. पहिला महिनाभर माझं डोकं उठायचं. पुढे सवय झाली, पण रेडिओला काही सवय होईना. पावसात पाणी द्यायचं नसतं तेव्हा विजांची खरखर, आणि चैत्र-वैशाखात आभाळ स्वच्छ तेव्हा रहाट. उन्हाळ्यात सकाळचं पाणी चुकवायचं नाही. रविवार असो, तेलवाले असोत. अर्ध्या गप्पा रहाटाखाली जायच्या. मामंजी कानामागे हात धरून बसायचे, तांडेलकाका मान पुढे काढायचे. मला भीती अशी, की नेमकं आमचं पत्र वाचतील आणि नेमका निकाल ऐकू येणार नाही.

बारावं पत्र गेल्यावर पुढच्या रविवारी तेलवाले म्हणाले, "नागावच्या श्रोत्यांचं पत्र मिळालं. प्रश्न फार सुंदर आहे. पुढच्या रविवारी सविस्तर बोलू." मामंजींनी माझ्याकडे बघितलं, तांडेलकाकांनी माझ्याकडे बघितलं. दोघांनी एकाच वेळी विचारलं, "आपलंच ना?" तो आठवडाभर घरात दुसरा विषय नव्हता.

मी त्या आठवड्यात एक शहाणपणा केला. शहाणपणा म्हणजे काय, पेणच्या पोरीचा शहाणपणा. फडताळात बारा बाटल्या चमेलीचं तेल पडलेलं आणि मागे कण्याला थेंबभर तेल नाही. मी विचार केला, अर्धा तास कुरकुर थांबली तर कुणाचं काय बिघडतंय? मामंजींना आधी सांगायची सोय नव्हती. त्यांनी परवानगी दिलीच नसती.

रविवार उजाडला. आळीतली सगळी माणसं एका लग्नाला चौलला गेली होती, सासूबाईही गेल्या. मामंजी पाण्याचं निमित्त सांगून राहिले आणि त्यांना जेवण करून घालायचं म्हणून मी राहिले. तांडेलकाका पावणेनऊलाच आले, स्वच्छ सदरा घालून. मी धुणं घेऊन विहिरीवर गेले. बैल आपला फिरत होता. मी दोन बाटल्या घेतल्या, एक इकडच्या टोकाला, एक तिकडच्या टोकाला, कण्यावर ओतल्या. आवाज काही लगेच थांबला नाही. जुनं लाकूड, तेल मुरायला वेळ लागणार. मला वाटलं, फुकट गेलं. हात धुऊन ओट्यावर आले तेव्हा तेलाचं गाणं चालू झालं होतं.

पहिल्या गप्पा क्रिकेटच्या. मग गाणं. तोवर मागची कुरकुर हळूहळू बारीक होत चालली होती, पण त्या नादात कोणाच्या लक्षात आलं नाही. मग तेलवाले म्हणाले, "आता नागावचा प्रश्न." त्यांनी पत्र वाचायला सुरुवात केली. माझंच अक्षर, माझीच वाक्यं, आणि ती परमुलखातून येत होती. पत्र वाचून संपलं. तेलवाले क्षणभर थांबले.

आणि त्याच वेळी मागे रहाट पूर्ण गप्प झाला.

मामंजी उठले. विचार करून उठले नाहीत, चाळीस वर्षांच्या सवयीने उठले. "बैल!" एवढंच ओरडले आणि मागच्या अंगणाकडे धावले. त्यांच्यामागे तांडेलकाका, गुडघे दुखत असताना, स्वच्छ सदऱ्यानिशी. मी हात पुढे करून "अहो, तसं नाही, ते तेल" असं काहीतरी म्हणत होते. कोणी ऐकलं नाही. ओट्यावर मी एकटी राहिले आणि रेडिओतून तेलवाले बोलायला लागले.

ते म्हणाले, "दम चालू असताना हात मधल्या रेषेला लागला, तर तो गडी सुटला. अंग कुठेही असो. ज्यांनी त्याला बाद ठरवलं त्यांनी लबाडी केली असं मी म्हणणार नाही, त्यांच्या गावचा नियम वेगळा असेल. पण गडी जिवंत होता." मग म्हणाले की असं सुंदर पत्र लिहिणाऱ्यांना हेच उत्तर लेखी कळवू आणि कंपनीतर्फे एक मोठी बाटली भेट पाठवू. आणि भावगीत सुरू झालं.

मामंजींचं बरोबर होतं. तीस वर्षं बरोबर होतं. मला इतका आनंद झाला की मी पदर खोचून धावतच मागे गेले, त्यांना सांगायला.

विहिरीपाशी काय चाललं होतं ते आजही डोळ्यांपुढे आहे. बैल शांतपणे गोल फिरत होता. रहाट फिरत होता, गाडगी वर येत होती, पाणी पाटात पडत होतं आणि कशाचाही आवाज नव्हता. तांडेलकाका पाटात घसरून पडले होते, कमरेपर्यंत ओले, आणि मामंजींनी त्यांचं मनगट दोन्ही हातांनी धरलेलं होतं.

तांडेलकाका म्हणाले, "आरं, यो चाललाय की! मुक्यानं चाललाय!"

मामंजी म्हणाले, "लागलं का तुला कुठे?"

"मना काय व्हतंय. सोड आता, दम तुटल." आणि तांडेलकाका हसायला लागले. मग त्यांनी नाक वर करून हुंगलं. "तुझ्या रहाटाला चमेलीचा वास येतोय रं."

मामंजींनी कण्याला बोट लावलं, हुंगलं, मग पाटाच्या काठी पडलेल्या दोन रिकाम्या बाटल्या बघितल्या, मग मला बघितलं. मला वाटलं, आता माझं काही खरं नाही. पण ते पाटातच बसले, तांडेलकाकांच्या शेजारी, आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. "टकलावर नाही, रहाटावर! अरे, माझ्या सुनेने रहाटाला तेल लावून आंघोळ घातली!" दोघं एकमेकांच्या पाठीवर थापा मारत होते. मधे मी उभी होते, आणि कोणीही माझ्यामार्फत बोलत नव्हतं.

बऱ्याच वेळाने तांडेलकाकांना आठवण झाली. "काय झालं गं सूनबाय? काय बोलला तेलवाला?"

दोघंही माझ्याकडे वर बघत होते. पाणी टपकत होतं दोघांच्या अंगावरून. मी तोंड उघडलं. निकाल जिभेवर होता. आणि मला मामंजींचे हात दिसले, तांडेलकाकांचं मनगट त्यांनी अजून सोडलं नव्हतं.

मी म्हटलं, "खरखर फार होती. काही कळलंच नाही मला."

मामंजी म्हणाले, "जाऊ दे. चल रे वर, कपडे देतो तुला." त्या दिवशी तांडेलकाका आमच्याकडे मामंजींचं धोतर नेसून जेवले. मी डाळिंब्यांची उसळ केली होती. ते म्हणाले, मासळी नाही म्हणून काय झालं.

मला मात्र पुढचे दिवस सुखाचे गेले नाहीत. ते लेखी उत्तर येणार होतं. मी दुपारी पोस्टमनची वाट बघत दारात उभी राहायचे, आमच्याकडे काही आलंय का म्हणून रोज विचारायचे. तो मेला हसायचा, त्याला वाटायचं मी मुंबईच्या पत्राची वाट बघतेय. खोटं बोलल्याचंही वाईट वाटत होतं. मामंजींचं बरोबर होतं आणि ते मी गिळून बसले होते. पण दर रविवारी दोघं ओट्यावर एकमेकांना टेकून बसलेली बघितली की वाटायचं, गिळलं तेच बरं झालं. उत्तर काही आलं नाही. बाटलीही आली नाही. रविवारी रहाटाची कुरकुर पूर्वीपेक्षा कमी असते असं मला वाटायचं. माझ्या दोन बाटल्या फारच टिकल्या म्हणून मी त्या कंपनीचं मनातल्या मनात कौतुकही केलं.

पाऊस झाला, पाऊस गेला. आश्विनात गाडग्यांची माळ नव्याने बांधायची असते. मामंजी विहिरीवर बसले होते, मला म्हणाले, "खोपीत वर काथ्याची दोरी आहे, तेवढी काढून दे." मी शिडीवर चढले. दोरीच्या वेटोळ्यामागे चमेलीच्या तेलाची एक मोठी बाटली होती, आमच्या बाराहून वेगळी, अर्धी संपलेली. तिच्याभोवती एक कागद गुंडाळून सुतळीने बांधला होता. कागदावर कंपनीचं चित्र होतं आणि खाली उत्तर छापलेलं नव्हे, हाताने लिहिलेलं. हात रेषेला लागला असल्यास गडी सुटला. वर तारीख होती त्याच वैशाखातली.

मी बाटली घेऊन खाली उतरले. मामंजींनी बघितलं. गाडगं बांधत होते ते हात थांबले.

"पोस्टमन मला वाटेत भेटला होता," ते म्हणाले. "वाचलंस?"

"मी त्या दिवशी रेडिओवरच ऐकलं होतं, मामंजी."

ते गाडगं खाली ठेवून माझ्याकडे वळले. मग म्हणाले, "म्हणजे तूही गप्प बसलीस." त्यांनी कागदाकडे बोट दाखवलं. "सूनबाई, तीस वर्षं मी ठरवून ठेवलं होतं, निकाल माझ्या बाजूने लागला की तो सांगत कोळीवाडाभर फिरेन. कागद आला त्या दिवशी तो ओट्यावर बसून माझ्या डब्यातली सुपारी कातरत होता. तो खोटं बोलला नव्हता गं. त्याला नियम तसाच ठाऊक होता. पण आपल्यामुळे आपला संघ हरला, हे या वयात त्याला कशाला सांगायचं? मला पुरे झालं बरोबर असणं."

मला रडू आलं आणि ते दिसू नये म्हणून मी विचारलं, "आणि अर्धं तेल कुठे गेलं?"

"दर रविवारी सकाळी थोडं घालतो कण्याला," ते म्हणाले. "बोलताना ऐकू येत नाही त्याला नीट."

ज्या माणसाने आयुष्यात रहाटाला तेलाचा थेंब लावू दिला नव्हता, तो हे सांगत होता. मी काथ्याची दोरी त्यांच्या हातात दिली आणि बाटली होती तिथे परत ठेवून आले.

पुढच्याच रविवारी गाणं चालू असताना तांडेलकाका म्हणाले, "आपला तो निकाल राह्यलाच की रं."

मामंजी म्हणाले, "राहिला खरा. सूनबाई, कागद घे. पुन्हा लिहू."

मी कागद घेतला. मामंजी सांगायला लागले. अलिबागचा किनारा, ओहोटी, शेवटची चढाई, सगळं पूर्वीसारखंच. "चार जणांनी धरलं," ते म्हणाले. मी मान वर करून बघितलं, त्यांनी बघितलं नाही. मग म्हणाले, "हात रेघेला लागला होता की नाही, ते आता नीट आठवत नाही."

तांडेलकाकांचा अडकित्ता थांबला. "असं कसं? लागला व्हता. मी बघितला व्हता. तीस वरसं झाली तरी डोळ्यांपुढं हाय माझ्या." ते माझ्याकडे वळले. "लिही सूनबाय. हात लागला व्हता. आनि तीनच जनांनी धरला व्हता, चौथा नुसता पायात आलता."

दोघं म्हणाले तसं मी लिहिलं. कागदाची घडी घातली, पाकिटात ठेवला, पत्ता लिहिला. लेबल मात्र लावलं नाही. मामंजींनी ते बघितलं आणि पानाचा डबा तांडेलकाकांकडे सरकवला.